उभा माग, चार काठ : प्रकल्प नोंदी

११ जानेवारी २०२५, चँडलर, ॲरिझोना

गॅरेजची उजवी भिंत मोकळी केली. खोकी, मुलाची जुनी सायकल, गणपतीच्या सजावटीचं सामान, सगळं मागच्या शेडमध्ये. आता इथे माग उभा राहील.

उद्दिष्ट आधीच लिहून ठेवते, म्हणजे पुढे मोह झाला तर हे पान उघडता येईल. नवाहो, म्हणजे अमेरिकेच्या नैर्ऋत्येकडच्या मूळ रहिवाशांच्या, पद्धतीचा उभा माग स्वतः बांधायचा. त्यावर दोन फूट रुंद आणि तीन फूट उंच असा एक तुकडा विणायचा, चारही काठ अखंड ठेवून. नक्षी नाही, नुसते आडवे पट्टे.

चार काठांचं एवढं काय? माझं माहेर सोलापूर. आमच्या गल्लीत यंत्रमागाची खडखड थांबली की लोक दचकून उठायचे. तिथे ताणा, म्हणजे उभे धागे, बीम नावाच्या रुळावर मैलभर गुंडाळलेला असतो. चादरी विणत जायच्या, कापत जायच्या, कापलेल्या टोकांच्या दशा वळायच्या. नवाहो ब्लँकेटला दशाच नसतात. ताण्याचा धागा एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत सलग, वरच्या काठाला वळसा घेऊन खाली, खालच्या काठाला वळसा घेऊन वर. कात्री कुठेच लागत नाही. म्हणजे पहिला बाणा (आडवा धागा) घालायच्या आधी लांबी-रुंदी ठरलेली, आणि मग ती इंचभरही वाढवता येत नाही. विणत विणत वर जायचं आणि शेवटी उरलेली फट बंद करायची.

ज्यांच्याकडे शिकतेय त्या ॲरिझोनातल्याच गनाडो गावाकडच्या आहेत. वहीत माझं नाव नको, असं त्यांनी सांगितलंय. इथे त्यांना गुरुबाई म्हणेन. नवाहो लोक स्वतःला दिने म्हणवतात, गुरुबाईंच्या तोंडी तोच शब्द असतो. मी दोन्ही वापरणार आहे.

१८ जानेवारी

आज माग नाही, गोष्ट. गुरुबाई म्हणाल्या, ऐकायची तर आताच ऐक. कोळी जमिनीखाली झोपलेले असतात तेव्हाच, हिवाळ्यात, ही गोष्ट सांगायची. वसंतातला पहिला गडगडाट झाला की तोंड बंद.

विणायला शिकवलं दिने पुराणकथांतल्या स्पायडर वुमनने, आणि माग कसा करायचा ते सांगितलं स्पायडर मॅनने. आडव्या काठ्या आकाशाच्या आणि पृथ्वीच्या दोऱ्यांच्या. ताण्याच्या काठ्या सूर्यकिरणांच्या. धागे उचलणारे फास स्फटिकाचे आणि चमकत्या विजेचे. बाणा ठोकायचं पातं सूर्याला पडणाऱ्या खळ्याचं, फणी पांढऱ्या शिंपल्याची. सूत कातायच्या चात्या चार, त्यांतली एक नागमोडी विजेची आणि तिची चकती कोळशाची. कॅन्यन डी शे नावाच्या घळीत स्पायडर रॉक हा साधारण अडीचशे मीटर उंचीचा लाल सुळका आहे, तिथे स्पायडर वुमनचं घर. मुलगी जन्मली की तिच्या हातांवर कोळ्याचं जाळं चोळायची रीत होती, विणताना हात थकू नयेत म्हणून.

इतिहासकारांचं म्हणणं वेगळं. त्यांच्या मते दिने लोकांनी उभा माग शेजारच्या प्वेब्लो लोकांकडून घेतला, सतराव्या शतकाच्या आसपास. १६८० मध्ये प्वेब्लोंनी स्पॅनिश सत्तेविरुद्ध उठाव केला. १६९२ मध्ये स्पॅनिश परत आले तेव्हा कित्येक प्वेब्लो कुटुंबं पळून दिने मुलुखात शिरली. प्वेब्लोंमध्ये विणायचे पुरुष, दिने लोकांत ते काम बायकांच्या हातात आलं. मेंढ्या स्पॅनिशांबरोबर आलेल्या. मी हे सगळं गुरुबाईंसमोर बोलून दाखवलं नाही. त्यांना ते ठाऊक आहे, आणि आज गोष्टीचा दिवस होता.

१ फेब्रुवारी

लोकर आली. चुरो जातीच्या मेंढीची, नवाहो नेशन या दिने लोकांच्या स्वशासित मुलुखातल्याच एका कळपाची. पांढरी, गडद तपकिरी, आणि थोडी काळी.

हातात घेतली की फरक लगेच कळतो. लोकरीला दोन थर आहेत: बाहेरचा लांब, सरळ, चमकदार केसांचा आणि आतला बारीक, मऊ. लॅनोलिन, म्हणजे लोकरीतली चरबी, अगदी कमी. मेरिनो मेंढीची लोकर धुताना हात तुपकट होतात, ही नुसत्या कोमट पाण्यात धूळ सोडते. पाण्याचं दुर्भिक्ष असलेल्या माळावर याचं मोल किती ते सांगायला नको. पूर्वी युका या झाडाच्या मुळ्या ठेचून त्यांच्या फेसात लोकर धूत. ताण्यासाठी लांब केसांचा घट्ट पिळाचा धागा, बाण्यासाठी सैल पिळाचा.

या मेंढीचा इतिहास वाचताना जड जातं. १८६३-६४ मध्ये किट कार्सनच्या अमेरिकी फौजेने दिने मुलुखात शेतं जाळली, पीचच्या बागा तोडल्या, मेंढ्या मारल्या. आठ हजारांवर माणसांना चालवत न्यू मेक्सिकोच्या पूर्वेला बोस्के रेदोंदो इथे नेलं आणि चार वर्षं डांबलं. १ जून १८६८ च्या तहाने ती परतली. जगातले किती तह असे असतील कोण जाणे, पण त्यात मेंढ्या-बकऱ्यांचा आकडा लिहिलेला आहे: पंधरा हजार. त्यातून कळप पुन्हा उभे राहिले. मग १९३० च्या दशकात सरकारला वाटलं, चराईने माती वाहून जातेय, बोल्डर (आताच्या हूव्हर) धरणात गाळ साठेल. जॉन कॉलियर तेव्हा इंडियन अफेअर्सचे आयुक्त होते. निम्म्याहून अधिक जनावरं कमी करण्यात आली, कित्येक तर मालकांच्या डोळ्यांदेखत गोळ्या घालून. चुरो जात तर अधिकाऱ्यांना निकृष्टच वाटायची. १९७० च्या दशकात खऱ्या चुरो पाचशेही उरल्या नव्हत्या. १९७७ मध्ये पशुशास्त्राचे प्राध्यापक लाइल मॅकनील यांनी दूरदूरच्या खोऱ्यांतून त्या हुडकून पैदास सुरू केली. माझ्या टेबलावरच्या या गुंड्या त्या कामामुळे आहेत.

उरलेली लोकर पिशवीत बांधून फ्रीजरमध्ये. कसर लागली तर सगळंच जाईल.

८ फेब्रुवारी

चौकट तयार. गुरुबाईंचा माग लोखंडी पाइपांचा, मी चार बाय चारचे लाकडी खांब घेतले. वर आणि खाली आडवे दांडे. ताण कमी-जास्त करायला वरच्या बाजूला टर्नबकल. जुन्या मागांत त्या जागी दोरीचे नागमोडी वेढे असत. टर्नबकल लावला म्हणून काही बिघडत नाही, गुरुबाईंकडेही आहेत.

१५ फेब्रुवारी

ताणा. दिवसभराचं काम.

ताणा मागावर घालत नाहीत. जमिनीवर एक वेगळी तात्पुरती चौकट आडवी ठेवायची, तिच्यावर समोरासमोर दोन गोल दांडके, अंतर तयार तुकड्याच्या लांबीइतकं. धाग्याचा चेंडू घेऊन एका दांडक्यावरून दुसऱ्याखालून, परत, इंग्रजी आठच्या आकड्यासारखं. मध्ये धागे एकमेकांना छेदतात. ती फुली जपायची, कारण पुढे कुठला धागा वर आणि कुठला खाली हे तीच सांगते. फुलीच्या दोन्ही बाजूंना लगेच काठ्या सरकवून बांधून टाकल्या. इंचाला आठ धागे धरलेत. ताण सगळीकडे सारखा हवा. एका बैठकीत घातला तर तो सारखा राहतो, उठून जेवून आलात की हात बदलतो. म्हणून गुरुबाई ताणा घालताना फोनही घेत नाहीत.

यानंतरचं काम मला सगळ्यात आवडलं. दांडक्यावरच्या वळशांमधून काठाची दोरी विणत जायची. दोन-तीन पदरांची जाड लोकरी दोरी, अशा दोन दोऱ्या. ताण्याच्या प्रत्येक वळशापाशी त्या एकमेकींना पीळ देतात आणि वळसा जागच्या जागी पकडतात. धागे किती दाटीने बसणार ते इथेच ठरतं. वरच्या काठाला तसंच, खालच्या काठाला तसंच. मग दांडकी अलगद काढून घेतली. हातात राहिला तो धाग्यांचा एक ढिला पडदा, वर-खाली दोन काठ आधीच तयार असलेला. अजून एकही बाणा घातलेला नाही, तरी तुकडा जणू ठरून गेलाय. हे काठ नव्या दांडक्यांना दोरीने वेढे देत बांधले आणि सगळं मागावर चढवलं.

डाव्या-उजव्या बाजूंनाही दोन-दोन दोऱ्या उभ्या टांगल्यात. विणताना दर काही ओळींनी त्या एकमेकींवर पिळायच्या आणि बाण्यात अडकवायच्या. तिसरा आणि चौथा काठ तो.

२२ फेब्रुवारी

एक आड एक धाग्याला फास घालून ते एका काठीवर घेतले. ही काठी ओढली की ते धागे पुढे येतात. उरलेल्या धाग्यांमागे दुसरी काठी, ती खाली आणली की ते पुढे. पेडल नाही, धोटा नाही. माग म्हणजे काठ्या आणि दोऱ्या.

पातं गुरुबाईंनी उसनं दिलंय. ओकचं, कडा झिजून गुळगुळीत झालेल्या. परत द्यायचंय, हे दोनदा बजावलं.

८ मार्च, गनाडो

हबेल ट्रेडिंग पोस्ट. जॉन लोरेन्झो हबेल यांनी हे दुकान १८७८ मध्ये घेतलं. आज ते राष्ट्रीय ऐतिहासिक स्थळ आहे, पण दुकान म्हणूनही चालूच आहे. लाकडी फरशी प्रत्येक पावलाला करकरते. पीठ, कॉफी, डबे, घोड्याचे लगाम, आणि आतल्या खोलीत रगांच्या चळती. भिंतीवर छोटी छोटी चित्रं टांगलीत, हाताच्या पंजाएवढी, प्रत्येकात एकेका ब्लँकेटची नक्षी.

या चित्रांपाशी बराच वेळ थांबले. ई. ए. बर्बँक वगैरे चित्रकारांकडून हबेलने ती काढून घेतली. विणकरीण आली की तिला दाखवायचं: हे असं विणून आण, याला गिऱ्हाईक आहे. १८८१ च्या सुमारास रेल्वे जवळच्या गॅलप गावापर्यंत पोहोचली होती. पूर्वेकडच्या शहरांतल्या लोकांना अंगावर घ्यायचं ब्लँकेट नको होतं, जमिनीवर टाकायला रग हवा होता. दिने बायकांच्या अंगावरही तोवर गिरणीतली ब्लँकेटं आली होती. मग विणकाम जाड झालं, मोठं झालं, आणि त्याला चौफेर चौकट आली. त्याआधीच्या ब्लँकेटांना अशी चौकट क्वचितच असे. पट्टे एका काठापासून दुसऱ्या काठापर्यंत सरळ जात.

चौकट कुठून आली? घरात अंथरायच्या इराणी-तुर्की गालिच्यांना ती असते, गिऱ्हाइकाची नजर त्यांना सरावलेली. इथून ईशान्येला क्रिस्टल नावाच्या ठाण्यावर जे. बी. मूर हा व्यापारी होता. त्याने १९०३ आणि १९११ मध्ये टपालाने माल मागवायचे कॅटलॉग छापले, रंगीत पानांसकट. त्यातल्या काही नक्ष्यांत गालिच्याच्या किनारी आणि हुकासारखे आकार सरळ दिसतात. टू ग्रे हिल्सचे तपकिरी-करडे रग, गनाडोचा गडद लाल, वाइड रुइन्सचे वनस्पतींच्या रंगांचे पट्टे: आज ज्याला आपण ‘पारंपरिक प्रादेशिक शैली’ म्हणतो त्यातली बहुतेक नावं ट्रेडिंग पोस्टची आहेत. काही काळ तर व्यापारी रग चक्क वजनावर घेत, पौंडाला इतके. साहजिकच लोकर न धुता, मातीसकट विणली जाऊ लागली. मला तर त्यात विणकरणींचं चुकलेलं काहीच दिसत नाही. वजनाचे पैसे द्याल तर वजन मिळेल.

हे सगळं बघून माझ्या डोक्यात एक गोष्ट पक्की झाली. सोलापुरात उलटं घडलं. माग बदलत गेला, खड्ड्यातला गेला, हातमाग गेला, यंत्रमाग आला, पण चादर मात्र ओळखू यावी अशीच राहिली, कारण चादर तशी दिसली तरच खपते. इथे नक्षी दर पिढीला बदलली: स्पॅनिशांमुळे, कैदेमुळे, रेल्वेमुळे, व्यापाऱ्यामुळे, पर्यटकामुळे. बदलला नाही तो माग. काठ्या, दोऱ्या, सलग ताणा, चार काठ. गिऱ्हाइकाने तिकडे कधी पाहिलंच नाही, त्यामुळे त्यात कुणी ढवळाढवळही केली नाही. परंपरा बघायची असेल तर रगाच्या मधोमध बघू नये, कडेला बघावं.

गुरुबाईंनी एका चौकटीवर बोट ठेवलं. वरच्या उजव्या कोपऱ्याजवळ आतल्या रंगाचा एक बारीक धागा चौकट भेदून काठापर्यंत गेला होता. दुकानदार याला ‘स्पिरिट लाइन’ म्हणतात आणि रसभरीत कहाण्या सांगतात. गुरुबाईंनी एका वाक्यात उरकलं: विणताना जे मन आत गेलं त्याला बाहेर यायला वाट. मला त्याचा क्रम लक्षणीय वाटतो. चौकट बाहेरून आली, आणि तिच्यासोबत ही वाटही आली. माझ्या पट्ट्यांना चौकट नाही, म्हणून वाटेचीही गरज नाही.

२३ मार्च

विणकाम सुरू आहे. पद्धत हाताला बसली. पातं आडवं सरकवायचं, नव्वद अंशात उभं फिरवायचं, की धाग्यांमध्ये फट पडते. बाणा बोटांनी घालायचा, ताणून सरळ नाही, छोट्या छोट्या कमानी ठेवत. मग फणीच्या दातांनी कमानी खाली बसवायच्या. सैल ठेवलेला धागा ठोकल्यावर ताण्याभोवती वळतो आणि ताणा पूर्ण झाकतो. बाणा ओढून घातलात तर दोन्ही बाजू आत खेचल्या जातात आणि तुकड्याला कंबर येते.

एक गंमत. बाणा एका काठापासून दुसऱ्यापर्यंत न्यायलाच हवा असं नाही. बसल्या जागेवरून हात पोहोचेल तेवढाच भाग विणत वर जायचं, कडेला उतार ठेवायचा, मग सरकून शेजारचा भाग त्याला भिडवायचा. जोडाची एक तिरकी अस्पष्ट रेघ राहते, उजेड तिरपा पडला तरच दिसते. इंग्रजीत तिला ‘लेझी लाइन’ म्हणतात. सहा फूट रुंदीचं ब्लँकेट एकटीने जमिनीवर बसून विणायचं असेल तर ही रेघ म्हणजे शहाणपण आहे. तिला आळशी म्हणणारा मागावर बसलेला नसावा. दोन फुटांच्या तुकड्यात खरं तर गरज नाही, तरी सवय म्हणून तपकिरी पट्ट्यात घेतली.

बारीक कामाची कल्पना यावी म्हणून: चांगल्या जाड रगात इंचाला तीसेक बाणे बसतात. टू ग्रे हिल्सच्या डेझी टॉगलची यांच्या तुकड्यांत शंभराच्या वर. २००४ मध्ये अमेरिकेच्या टपाल तिकिटावर त्यांचं विणकाम छापलं गेलं. माझे किती बसतात ते मोजून लिहिणार नाही.

५ एप्रिल, फीनिक्स

हर्ड म्युझियम. काचेमागची जुनी ‘चीफ ब्लँकेट’. नावावर जाऊ नये, दिने लोकांत असे गादीवरचे ‘चीफ’ नव्हते. हे ब्लँकेट दूरच्या मैदानी जमातींत आणि यूट लोकांत खपत असे, आणि ते परवडायचं बड्या माणसालाच. उंचीपेक्षा रुंदी जास्त, खांद्यावरून लपेटायचं. सगळ्यात जुनी तऱ्हा, १८५० च्या आधीची, निव्वळ पट्ट्यांची: पांढरा, तपकिरी, आणि मध्ये निळीच्या गडद रेघा. नंतरच्या तऱ्हेत लाल चौकोन आले, त्यानंतर शंकरपाळे. या पहिल्या तऱ्हेचं एक ब्लँकेट २०१२ मध्ये कॅलिफोर्नियात लिलावात १८ लाख डॉलरला गेलं. विणणारीचं नाव कुणालाच ठाऊक नाही.

लाल रंगापाशी थबकले. दिने बायकांच्या हाती येणाऱ्या वनस्पतींतून पक्का भडक लाल निघत नसे. म्हणून ‘बायेता’ नावाचं लाल लोकरी कापड विकत घेऊन त्याचे धागे उसवायचे आणि तेच बाणा म्हणून वापरायचे. हे कापड बऱ्याच अंशी इंग्लंडात विणलेलं, स्पेन-मेक्सिको मार्गे इकडे आलेलं. रंगांच्या तपासण्या झाल्यात त्यांतून दिसतं की जुन्या तुकड्यांतला लाल पुष्कळदा लाखेचा आहे, नंतरच्यांत मेक्सिकोतल्या निवडुंगावरच्या कोचिनियल किड्याचा, आणि मधल्या काळात दोन्हींचं मिश्रण. आणि लाख इंग्लंडला जायची ती आपल्याकडून, आग्नेय आशियातूनही. पळस, बोर, कुसुंबाच्या फांद्यांवरची. आजी अळिता म्हणून पायाला लावायची त्याच किड्याचा रंग. ईस्ट इंडिया कंपनीचं जहाज, यॉर्कशायरचा माग, सांता फेचा बाजार आणि मग कुणा एकीने मांडीवर घेऊन उसवलेला धागा. काचेला नाक लावलं म्हणून पहारेकऱ्याने हटकलं.

१९ एप्रिल

रंगाचं काम अंगणात. करडा रंग रंगवायचा नसतोच, पांढरी आणि काळी लोकर एकत्र पिंजली की होतो. सोपं वाटतं, पण सगळा एकसारखा यायला हात दुखतात.

एक रेघ निळीची हवी होती. जुन्या काळी नीळ ढेपांच्या रूपात मेक्सिकोकडून येई आणि साठवलेल्या लघवीत आंबवून लोकर त्यात बुडवत. आमच्या कॉलनीच्या नियमावलीत या प्रक्रियेबद्दल कलम नाही, तरी शेजाऱ्यांची परीक्षा नको. नीळ एक भाग, चुना दोन, गूळ तीन. गुळाने नीळ पाण्यात उतरते, लोकर हिरवट निघते आणि हवा लागली की डोळ्यांदेखत निळी होते. गूळ म्हटल्यावर गुरुबाईंनी चाखून बघितला. ढेप त्यांच्याकडे गेली.

त्यांनी काळ्या रंगाची कृती सांगितली: सुमाक झुडपाची पानं-फांद्या उकळायच्या, पिन्यॉन पाइनचा डिंक आणि पिवळी गेरूमाती तव्यावर भाजून काळी पूड करायची, ती त्या काढ्यात घालायची. पाल्यातलं टॅनिन, मातीतलं लोखंड. आपले रंगारी हिरड्यावर गूळपाण्यात कुजवलेलं लोखंड चढवतात, रसायन तेच.

३ मे

ऑफिसात मागाचा विषय निघाला. आमचं काम चिप बनवण्याचं, त्यामुळे एकाने लगेच फोनवर फोटो दाखवला. मॅरिलू शुल्ट्झ या दिने विणकरीणबाईंनी १९९४ मध्ये इंटेलसाठी विणलेला पेंटियम चिपचा रग. खरोखर सुंदर आहे. चौकोन, पट्ट्या, सगळं जिथल्या तिथे, आणि लोकर वनस्पतींच्या रंगांची.

ऑफिसातल्यांना ठाऊक नव्हतं ते मी सांगितलं. फेअरचाइल्ड सेमिकंडक्टरचा एक कारखाना १९६५ ते १९७५ या काळात नवाहो नेशनमध्ये, शिपरॉकला होता. तिथे शेकड्यांनी दिने बायका सूक्ष्मदर्शकाखाली चिप जोडत. कंपनीने पुस्तिका छापली, त्यात रग आणि चिप शेजारी शेजारी: या बायकांच्या बोटांत हे कसब उपजत आहे, असा सूर. उपजत म्हटलं की शिकण्याला लागलेल्या वर्षांचे पैसे द्यावे लागत नाहीत. १९७५ मध्ये कामगार कपातीनंतर आंदोलकांनी कारखान्याचा ताबा घेतला, आणि कंपनीने तो बंदच करून टाकला. शुल्ट्झ यांचा रग बघताना ही दहा वर्षं आठवली पाहिजेत, असं मला वाटतं. जेवणाच्या टेबलावर मात्र विषय बदलला गेला.

१७ मे

हायवेवरच्या एका दुकानात बाहेर दोरीवर रग टांगलेले. पाटी: ‘नवाहो डिझाइन’. किंमत शंभर डॉलरच्या आत. मागची चिठ्ठी: भारतात बनवलेलं.

राग आला आणि विणणाऱ्याच्या हाताचं कौतुकही वाटलं. नक्षी हुबेहूब होती. पण काठ बघितला. ताणा सुती, टोकं कापून गाठी मारलेल्या आणि सुईने आत ढकललेल्या. बोटाने चाचपलं की गाठी लागतात. मेक्सिकोतल्या वाहाका प्रांतातूनही अशा नकला येतात, त्यांत डाव्या-उजव्या कडेला ताण्याचे अनेक धागे एकत्र घेतलेले असतात, कड जाड लागते. नक्षीची नक्कल कुणीही, कुठेही करतं. सलग ताण्याची करत नाही, कारण ती परवडत नाही. प्रत्येक तुकड्याला ताणा नव्याने घालायचा, आणि शेवटचे चार इंच सुईने भरायचे, शंभर डॉलरमध्ये?

१९९० चा एक केंद्रीय कायदा आहे, मूळ अमेरिकी लोकांनी न बनवलेली वस्तू त्यांची म्हणून विकणं हा गुन्हा आहे. ‘डिझाइन’ शब्द जोडून दुकानदार कडेकडेने चालतो. गालिच्यांसाठी प्रसिद्ध असलेल्या भदोहीच्या किंवा आणखी कुठल्या विणकराला यातलं काही कळतही नसेल. त्याला चित्र मिळालं, त्याने विणलं. बर्बँकची चित्रं गनाडोच्या भिंतीवर होती, ही मेलमधून गेली असणार.

३१ मे

गॅरेजमध्ये दुपारी उभं राहवत नाही. पहाटे पाचला बसते.

वरचा काठ जवळ आलाय. आधीच्या सल्ल्याप्रमाणे वरच्या टोकाकडूनही इंचभर विणून ठेवलं होतं, त्यामुळे फट काठाला न भिडता थोडी खाली बंद होणार. जागा कमी होत गेली तसं पातं बारीक होत गेलं. आधी रुंद, मग अर्ध्या इंचाचं, मग पट्टीसारखं. ताणा इतका ताठ की फट उघडेचना. फासांची काठी काढून टाकली. त्यानंतर लांब सुई: एक धागा वर, एक खाली, असं हाताने मोजत दोन फूट पार करायचे, मग फणीचा एकच दात वापरून बाणा बसवायचा. पूर्वी मोडक्या छत्रीच्या काडीला भोक पाडून ही सुई करत. एका ओळीला जो वेळ लागतो त्यात महिन्यापूर्वी बोटभर विणून व्हायचं.

दिसायला हा भाग बाकीच्यासारखाच दिसला पाहिजे. गिऱ्हाइकाला तो ओळखू आला तर विणकरीण कच्ची, असं गुरुबाईंचं माप. गोष्ट अशी की जो भाग सगळ्यात अवघड तो दिसूच नये, आणि त्याचेच पैसे कुणी मोजत नाही.

गुरुबाईंना एक विचारायचं राहिलं होतं ते आज विचारलं. वाळूचित्रं विणावीत का? होस्टीन क्ला हे विणकर आणि विधी करणारे जाणते. विधीत काढलेलं वाळूचित्र विधी संपताच पुसायचं असतं. क्ला यांनी १९१९ च्या सुमारास ते लोकरीत विणलं, लोकांचा रोष ओढवून. त्यांचे तुकडे आज संग्रहालयांत आहेत, आणि त्यांच्यामुळे कितीतरी ज्ञान टिकलं असंही म्हणतात. गुरुबाई म्हणाल्या, ते क्ला होते, त्यांना विधी येत होते. मला येत नाहीत. तुला तर पट्टेच बरे.

७ जून

उतरवला. दांडक्यांचे वेढे सोडले, काठ मोकळे झाले. चार कोपऱ्यांना काठाच्या दोऱ्यांची टोकं उरतात, त्यांच्या गाठी मारून छोटे गोंडे. कात्री फक्त या टोकांपुरती.

गुरुबाईंनी तुकडा घेतला, आधी उलटा केला. दोन्ही बाजू सारख्याच दिसतात, तरी उलटा केलाच. मग दुमडून कोपऱ्याला कोपरा लावला. रुंदी वर अर्धा इंच कमी भरली. त्या काही बोलल्या नाहीत, पुढच्या ताण्याला इंचाला नऊ धागे घाल म्हणाल्या.

पातं परत दिलं.

मागच्या बाजूला शिवायची चिठ्ठी लिहिली. लोकर चुरो मेंढीची, नवाहो नेशनमधली. माग आणि पद्धत दिने लोकांची, एका विणकरीणबाईंकडून शिकलेली. विणणारी सोलापूरची, राहणार चँडलर. विक्रीसाठी नाही. गुरुबाईंनी चष्मा लावून वाचलं आणि म्हणाल्या, माझं नाव नको म्हटलं होतं, गावाचं नको असं म्हटलं नव्हतं. ‘विणकरीणबाईंकडून’च्या आधी ‘गनाडोच्या’ असा शब्द घातला.